अतिक्रमण, ताबा आणि वादाधिकार
वादग्रस्त भूमीवरील बांधकाम पाडण्यास आव्हान कोणी द्यावे?

१. प्रश्नाचे स्वरूप

एखाद्या भूमीवर उभे असलेले घर, दुकान अथवा झोपडी पाडण्याचा हुकूम निघतो, तेव्हा दोन निरनिराळे प्रश्न उपस्थित होतात. ते बांधकाम कायदेशीर आहे की नाही, हा पहिला. त्या हुकुमाविरुद्ध न्यायालयाच्या दारी जाऊन आपले म्हणणे ऐकून घ्यावे असे कोणाला म्हणता येते, हा दुसरा. पहिला प्रश्न गुणदोषांचा आहे, तर दुसरा वाद मांडण्याच्या अधिकाराचा आहे. इंग्रजी विधिव्यवहारात या अधिकारासाठी 'लोकस स्टॅण्डाय' हा लॅटिन शब्दप्रयोग रूढ असून त्याचा शब्दशः अर्थ 'उभे राहण्याचे स्थान' असा आहे. प्रस्तुत लेखात त्यासाठी 'वादाधिकार' ही संज्ञा योजिली आहे.

हे दोन प्रश्न एकमेकांत मिसळण्याची प्रवृत्ती सार्वत्रिक आहे. "जागाच त्याची नाही, मग तो बोलणार कोण?" हा उद्गार कचेऱ्यांत ऐकू येतो आणि चावडीवरही ऐकू येतो. वरवर पाहता या उद्गारात तर्क आहे. तथापि त्यात जे सिद्ध करावयाचे तेच आधी गृहीत धरलेले आहे. जागा कोणाची याविषयीच वाद असताना, ती त्याची नाही असे ठरवून त्याला बोलण्याचा अधिकार नाकारणे म्हणजे निकाल आधी लिहून सुनावणी नंतर ठेवण्यासारखे होय. भारतीय न्यायालयांनी गेल्या सुमारे साठ वर्षांत या चक्राकार तर्कातून वाट कशी काढली, याचे विवेचन येथे करावयाचे आहे. भाषेच्या अभ्यासकासही या विषयात स्वारस्य असण्याचे कारण आहे, कारण हा वाद बव्हंशी एका शब्दाच्या पोटात दडलेला आहे.

२. संज्ञाविचार

'अतिक्रमण' हा शब्द 'अति' या उपसर्गापासून व 'क्रम्' या धातूपासून बनला आहे. पलीकडे पाऊल टाकणे, ओलांडणे हा त्याचा मूळ अर्थ होय. जे ओलांडले जाते ती मर्यादा आधीपासून असावी लागते, म्हणून सीमेच्या अस्तित्वाचा गृहीतार्थ या शब्दातच अंतर्भूत आहे. 'अमक्याने अतिक्रमण केले' असे विधान केले की, ती भूमी त्याची नव्हती आणि ती दुसऱ्या कोणाची तरी होती, या दोन गोष्टी न सांगताच सांगितल्या जातात. 'अमक्याने अतिक्रमण केले नाही' असे म्हटले तरीही वर्ज्य हद्दीचे अस्तित्व कबूल केल्यासारखेच होते. गृहीतार्थाचे हे सामान्य लक्षण आहे: विधान नाकारले तरी तो टिकून राहतो. म्हणून नोटिशीत 'आपण केलेले अतिक्रमण' असे शब्द असतात, तेव्हा नोटीस घेणाऱ्यास उत्तर देणे कठीण जाते. अतिक्रमण केव्हा केले, किती केले, यांविषयी तो बोलू शकतो. परंतु मुळात ही हद्द येथे आहे काय, हा प्रश्न विचारण्यास नोटिशीच्या वाक्यरचनेत जागाच उरत नाही.

याउलट 'ताबा', 'कब्जा', 'वहिवाट' आणि 'भोगवटा' हे शब्द वस्तुस्थितीचे वाचक आहेत. भूमी प्रत्यक्षात कोण वापरतो, एवढेच ते सांगतात, आणि ती कोणाची याविषयी मौन पाळतात. 'मालकी' हा शब्द मात्र हक्काचा वाचक आहे. मराठी महसुली व्यवहाराने हा भेद फार काळजीपूर्वक जपला आहे. सातबाऱ्याच्या उताऱ्यात, म्हणजे गाव नमुना सातमध्ये, जमीन धारण करणाऱ्याचा उल्लेख 'भोगवटादार' असा असतो, 'मालक' असा नसतो. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ याच्या कलम १५७ अन्वये अधिकार अभिलेखातील नोंद विरुद्ध पुरावा येईपर्यंत खरी मानली जाते. ती पुराव्यास वाव ठेवते आणि मालकी निर्माण करीत नाही.

ताबा ही वस्तुस्थिती असून मालकी हा निष्कर्ष आहे. वस्तुस्थिती डोळ्यांनी दिसते, तर निष्कर्षासाठी न्यायनिवाडा लागतो. वादाधिकाराचा सगळा विचार या भेदावर उभा आहे.

३. ताब्याचे बळ

मालकी नसताना केवळ ताब्याच्या आधारे दाद मागता येते काय? याचे उत्तर इंग्लंडच्या प्रिव्ही कौन्सिलने 'पेरी विरुद्ध क्लिसोल्ड' या खटल्यात दिले. हा निर्णय १९०७ च्या विधिवृत्तांत प्रसिद्ध झाला. ऑस्ट्रेलियातील न्यू साउथ वेल्समध्ये एका गृहस्थाने मोकळी पडलेली जमीन कुंपण घालून ताब्यात घेतली होती. तिचा खरा मालक कोण हे कोणास ठाऊक नव्हते. सुमारे दहा वर्षांनी शाळेसाठी सरकारने ती संपादन केली, आणि हा मनुष्य केवळ आगंतुक असल्यामुळे त्याला मोबदला मागण्याचा अधिकारच नाही, अशी भूमिका घेतली. प्रिव्ही कौन्सिलला ही भूमिका मान्य झाली नाही. खऱ्या मालकाखेरीज इतर सर्वांविरुद्ध शांततापूर्ण ताबा हाच हक्क होय, आणि खरा मालक पुढे येत नाही तोवर तो हक्क कोणासही नाकारता येत नाही, असे तत्त्व तेथे दृढ झाले.

भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने हेच तत्त्व १९६८ साली 'नायर सर्व्हिस सोसायटी विरुद्ध के. सी. अलेक्झांडर' या प्रकरणात स्वीकारले. त्रावणकोरातील सरकारी पुरंबोक जमिनीवर एका व्यक्तीचा ताबा होता. तीच जमीन सोसायटीने सरकारकडून पट्ट्याने घेतली आणि तिच्यावरून त्या व्यक्तीस हुसकावले. ताबेदाराची स्वतःची मालकी नव्हती, सरकारच्या दृष्टीने तो अतिक्रमकच होता. तरीही सोसायटीविरुद्ध ताबा परत मागण्याचा त्याचा दावा न्यायालयाने ग्राह्य धरला. 'सरकारी जमिनीवरील अतिक्रमक' या वर्णनाने त्याचा वादाधिकार नष्ट झाला नाही, हे येथे ध्यानात घेतले पाहिजे.

विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ याचे कलम ६ हे याच विचाराचे वैधानिक रूप होय. संमतीवाचून आणि कायद्याच्या मार्गावाचून ज्याचा ताबा काढून घेतला गेला, त्याला सहा महिन्यांच्या आत दावा आणता येतो, आणि त्या दाव्यात प्रतिवादीची मालकी हा बचाव चालत नाही. मालकाने आपली मालकी स्वतंत्र दाव्यात सिद्ध करावी, पण प्रथम ताबा परत द्यावा, अशी ही योजना आहे. मुंबई प्रांतात १९०६ च्या मामलेदार न्यायालय अधिनियमाने हीच दाद गावपातळीवर आणून ठेविली होती, म्हणून ग्रामीण महाराष्ट्राला ही कल्पना अपरिचित नाही. सर्वोच्च न्यायालयाने 'लल्लू यशवंतसिंग विरुद्ध राव जगदीशसिंग' या निर्णयात जमीनदारालाही हा नियम लागू केला: कूळ जमीन सोडीत नसले तरी त्यास बळाने काढता येत नाही.

'रामे गौडा विरुद्ध वरदप्पा नायडू' या २००३ च्या निर्णयात शेजारशेजारच्या दोन जमीनधारकांचा वाद होता. वादीला मालकी सिद्ध करता आली नाही, त्याचा ताबा मात्र सिद्ध झाला. तेवढ्यावर त्याच्या बाजूने मनाई हुकूम कायम राहिला. अर्थात ताबा स्थिर असला पाहिजे, ही अट न्यायालयाने घातली. रातोरात येऊन बसलेल्याचा ताबा हा स्थिर ताबा नव्हे. ज्याचा ताबा दीर्घ काळ, उघडपणे आणि मालकाच्या माहितीत चालत आला, त्यास मालकानेही न्यायालयाच्या मार्गानेच काढावे लागते.

४. सरकार स्वतःच पक्षकार असते तेव्हा

खासगी मालकाविरुद्ध हे सारे ठीक आहे. परंतु बांधकाम पाडणारे बहुधा सरकार, नगरपालिका अथवा रेल्वेसारखी सार्वजनिक संस्था असते. कलम ६ खालील सरसकट दाद सरकारविरुद्ध मागता येत नाही, असे त्या कलमातच नमूद आहे. म्हणून अशा प्रसंगी संविधानाच्या अनुच्छेद २२६ अन्वये उच्च न्यायालयाचा, अथवा मूलभूत हक्कांसाठी अनुच्छेद ३२ अन्वये सर्वोच्च न्यायालयाचा आश्रय घेतला जातो.

या क्षेत्रातील आरंभीचा महत्त्वाचा निर्णय म्हणजे १९६१ चा 'बिशनदास विरुद्ध पंजाब राज्य'. तत्कालीन पतियाळा संस्थानातील बर्नाला येथे सरकारी जमिनीवर एका कुटुंबाने १९०९ साली परवानगी मागून धर्मशाळा उभारली. पुढे तेथे देऊळ आणि दुकाने झाली. कालांतराने राज्य शासनाने जमीन आपली आहे एवढ्या आधारावर कार्यकारी हुकुमाने त्या कुटुंबाच्या हातून ही मालमत्ता काढून घेतली. सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, परवानगीने बांधणारा आणि वर्षानुवर्षे वहिवाट करणारा मनुष्य हा आगंतुक नव्हे. जमीन राज्याची असली तरी कायद्याचा आधार असल्यावाचून राज्याच्या अधिकाऱ्यांना त्यास काढता येणार नाही. खासगी मालकाला जे करता येत नाही ते केवळ सरकार म्हणून करता येईल, ही समजूत या निर्णयाने खोडून काढली.

तथापि सरकारजवळ खासगी मालकाजवळ नसलेले एक साधन असते. सरसकट निष्कासनाचे अधिकार देणारे विशेष कायदे हे ते साधन होय. महाराष्ट्रात जमीन महसूल अधिनियमाचे कलम ५० जिल्हाधिकाऱ्यास असा अधिकार देते. केंद्र शासनाच्या इमारती व जागा यांसाठी १९७१ चा सार्वजनिक जागांविषयीचा कायदा आहे. त्यात नोटीस, सुनावणी, हुकूम आणि जिल्हा न्यायाधीशाकडे अपील असा क्रम सांगितला असून दिवाणी न्यायालयाचा मार्ग बंद केलेला आहे. अशा द्विमार्गी व्यवस्थेने समतेचा भंग होतो काय, हा प्रश्न मुंबई महानगरपालिकेच्या कायद्याच्या संदर्भात 'मगनलाल छगनलाल' या १९७४ च्या प्रकरणात उद्भवला. सर्वोच्च न्यायालयाने ती व्यवस्था वैध ठरविली.

परंतु या सरसकट अधिकारांना एक पूर्वअट आहे, आणि ती कायद्याच्या शब्दांतच आहे. कलम ५० बोलते ते राज्य शासनाकडे निहित असलेल्या भूमीविषयी. भूमी शासनाकडे निहित आहे हे निश्चित असेल तरच त्या अधिकाराचा उगम होतो. ते निश्चित नसेल तर काय?

या प्रश्नाचे उत्तर देणारा 'आंध्र प्रदेश शासन विरुद्ध तुम्मल कृष्णराव' हा १९८२ चा निर्णय वादग्रस्त भूमीच्या बाबतीत मूलभूत मानावा लागतो. हैदराबादजवळील हबसीगुडा येथे निजाम सरकारने उस्मानिया विद्यापीठासाठी जमिनी संपादन केल्या होत्या. त्यांतील काही भूखंड एका नवाबाने बळकाविले असे म्हणून विद्यापीठाने १९५६ साली दिवाणी दावा आणला, आणि तो दावा विद्यापीठ हरले. त्यानंतर विद्यापीठाने शासनास विनंती केली, आणि शासनाने १९०५ च्या भूमी-अतिक्रमण कायद्याखाली सरसकट निष्कासनाची कारवाई आरंभिली. मधल्या काळात ती जमीन दुसऱ्यांनी विकत घेतली होती. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांनी लिहिलेल्या निर्णयाचा आशय असा: भूमी शासनाची आहे हे निर्विवाद असेल, तरच या कायद्याचा उपयोग करता येईल. मालकीविषयी प्रामाणिक वाद असेल, तर शासनाने तो एकतर्फी आपल्या बाजूने सोडवून घेऊन त्याच निष्कर्षावर निष्कासन करणे योग्य नव्हे. असा वाद सामान्य दिवाणी न्यायालयाने सोडवावा. ताबा किती वर्षांचा, हा येथे निर्णायक मुद्दा नाही. वाद प्रामाणिक आहे की नाही, हा निर्णायक मुद्दा होय.

या निर्णयाचे मर्म शब्दार्थाच्या अंगाने असे सांगता येईल. 'अतिक्रमण' या शब्दातील गृहीतार्थ, म्हणजे भूमी शासनाची असणे, हा वादीच्या बाजूचा आरोप आहे. तो सिद्ध झालेला नाही. आरोप करणाऱ्यानेच तो सिद्ध झाल्याचे जाहीर करावे आणि त्याच्या बळावर घर पाडावे, हे न्यायाच्या कल्पनेत बसत नाही.

मुदतीच्या कायद्याचाही येथे उल्लेख केला पाहिजे. १९६३ च्या कायद्याप्रमाणे खासगी मालकाविरुद्ध बारा वर्षे आणि शासनाविरुद्ध तीस वर्षे प्रतिकूल ताबा चालल्यास मालकाचा दाव्याचा हक्क संपतो. १९०८ च्या कायद्यात शासनासाठी ही मुदत साठ वर्षांची होती. म्हणजे आज अतिक्रमक म्हणविला जाणारा मनुष्य विशिष्ट कालानंतर कायद्यानेच मालक झालेला असू शकतो. शब्द तोच राहतो, वस्तुस्थिती मात्र बदललेली असते.

५. ज्याचा कोणताच दावा नाही त्याचे काय?

आतापर्यंतच्या विवेचनात ताबेदाराजवळ काही तरी आधार होता: पूर्वीची परवानगी, खरेदी किंवा दीर्घ वहिवाट. पण ज्याला आपण परक्याच्या भूमीवर राहतो हे ठाऊक आहे आणि जो ते नाकारीतही नाही, त्याला वादाधिकार आहे काय? हा प्रश्न मुंबईच्या पदपथांवर उभा राहिला.

१९८१ च्या जुलै महिन्यात, भर पावसाळ्यात, पदपथांवरील व काही वस्त्यांतील झोपड्या काढून तेथील रहिवाशांस त्यांच्या मूळ गावी पाठविण्याची घोषणा तत्कालीन मुख्यमंत्र्यांनी केली. त्याविरुद्ध रहिवासी, नागरी हक्कांच्या संघटना आणि एक पत्रकार यांनी याचिका केल्या. त्यांपैकी 'ओल्गा टेलिस विरुद्ध मुंबई महानगरपालिका' या नावाने १० जुलै १९८५ रोजी पाच न्यायमूर्तींच्या पीठाने निर्णय दिला. हाही निर्णय सरन्यायाधीश चंद्रचूड यांनीच लिहिलेला आहे.

महानगरपालिकेचा पहिला आक्षेप वादाधिकाराच्या स्वरूपाचाच होता. पदपथावर झोपडी बांधण्याचा मूलभूत हक्क आम्हांस नाही, अशी कबुली रहिवाशांनी उच्च न्यायालयात दिली होती, तेव्हा आता त्यांना बोलता येणार नाही, असा तो होता. सर्वोच्च न्यायालयाने तो फेटाळला. मूलभूत हक्क हे व्यक्तीच्या लाभापुरते नसून संविधानाच्या सार्वजनिक हेतूसाठी आहेत, म्हणून एखाद्याने अज्ञानाने अथवा नाइलाजाने ते सोडल्याची कबुली दिली तरी त्याचे तोंड बंद होत नाही.

त्यानंतर न्यायालयाने अनुच्छेद २१ मधील 'जीवित' या शब्दाचा अर्थ विस्तारला. उपजीविकेचे साधन हिरावून घेतले की जीवितही जाते. शहरात काम मिळते म्हणून मनुष्य कामाजवळ राहतो, आणि झोपडी गेली की काम जाते. पदपथावर झोपडी बांधण्याचा हक्क कोणासही नाही, हे न्यायालयाने निःसंदिग्धपणे सांगितले. मात्र जीवितावर परिणाम करणारी कारवाई न्याय्य कार्यपद्धतीनेच झाली पाहिजे. मुंबई महानगरपालिका अधिनियम, १८८८ याचे कलम ३१४ आयुक्तास नोटीस न देता अडथळे हटविण्याची मुभा देते. न्यायालयाने त्या कलमाचा अर्थ असा लाविला की, ही मुभा अपवादात्मक प्रसंगांसाठी आहे. नोटीस टाळलीच पाहिजे अशी ती आज्ञा नव्हे. सामान्यतः म्हणणे ऐकून घेतलेच पाहिजे.

येथे वादाधिकाराचा आधार बदललेला दिसतो. भूमीशी असलेले नाते हा येथे आधार नाही. कारवाईमुळे होणारी हानी हा आधार आहे. ज्याच्या पायाखालची जमीन त्याची नाही त्यालाही न्यायालयात उभे राहण्यास स्थान आहे, कारण काढला जाणारा तो आहे.

वादाधिकार म्हणजे विजय नव्हे, हेही याच प्रकरणात स्पष्ट झाले. सर्वोच्च न्यायालयापुढे सर्व बाजू ऐकून घेतल्या गेल्या असल्यामुळे पुन्हा सुनावणीचे कारण नाही असे मानले गेले. १९७६ च्या गणनेत ज्यांची नोंद होती त्यांना पर्यायी जागा देण्यास सांगण्यात आले, आणि पावसाळ्याचा विचार करून ३१ ऑक्टोबर १९८५ पर्यंत झोपड्या काढू नयेत असे ठरले. त्यानंतर काढण्यास मोकळीक होती. प्रत्येक झोपडीची परिस्थिती निराळी असताना काही थोड्यांच्या याचिकेवरील सुनावणी सर्वांची सुनावणी कशी मानावी, ही शंका या निर्णयाच्या अभ्यासकाच्या मनात राहतेच.

पुढे 'अहमदाबाद महानगरपालिका विरुद्ध नवाबखान गुलाबखान' या १९९६ च्या निर्णयात न्यायालयाने काळाच्या आधारे भेद केला. नुकतेच झालेले अतिक्रमण तत्काळ हटविता येते आणि त्यासाठी विस्तृत सुनावणीची आवश्यकता नाही. बरीच वर्षे चालू दिलेल्या वस्तीस मात्र पुरेशी नोटीस दिली पाहिजे. ज्या यंत्रणेने वर्षानुवर्षे डोळेझाक केली तिला एके दिवशी अचानक निकडीचे कारण सांगता येत नाही, असा यातील व्यावहारिक विचार आहे.

६. तिऱ्हाइताचा अधिकार

दुसऱ्याचे घर पाडले जात असताना तिऱ्हाइतास दाद मागता येते काय? 'जसभाई मोतीभाई देसाई विरुद्ध रोशनकुमार' या १९७५ च्या निर्णयात न्यायालयाने अर्जदारांचे तीन वर्ग केले: बाधित व्यक्ती, परकी व्यक्ती आणि निष्कारण लुडबूड करणारी व्यक्ती. पहिल्यास अधिकार आहे, तिसऱ्यास नाही, आणि दुसऱ्याच्या बाबतीत परिस्थिती पाहावी लागते. डिसेंबर १९८१ मधील 'एस. पी. गुप्ता' प्रकरणात न्यायमूर्ती भगवती यांनी दारिद्र्यामुळे अथवा असहायतेमुळे जे न्यायालयापर्यंत पोहोचू शकत नाहीत, त्यांच्या वतीने कोणाही सद्भावी नागरिकास याचिका करता येईल असे प्रतिपादिले. पदपथवासीयांच्या प्रकरणात पत्रकाराचे नाव निर्णयास चिकटले, ते याच विचारधारेमुळे.

मात्र हे दार दोन्ही बाजूंनी उघडते. 'के. रामदास शेणॉय विरुद्ध उडुपी नगरपरिषद' या १९७४ च्या प्रकरणात नियोजनाच्या विरुद्ध बांधल्या जाणाऱ्या चित्रपटगृहास आव्हान देण्याचा अधिकार त्या भागातील रहिवाशास मान्य झाला. बांधकाम पाडू नये म्हणून जसा तिऱ्हाईत येऊ शकतो, तसा पाडावे म्हणूनही येऊ शकतो. उत्तराखंडातील हल्द्वानी येथील रेल्वेलगतच्या वस्तीचे प्रकरण या दुसऱ्या प्रकारचे होय. एका नागरिकाच्या जनहित याचिकेवर उच्च न्यायालयाने डिसेंबर २०२२ मध्ये ती वस्ती आठवड्याच्या नोटिशीने हटविण्याचा आदेश दिला. रहिवाशांपैकी कित्येकांनी पट्टे आणि लिलावातील खरेदी यांचा आधार सांगितला होता. ५ जानेवारी २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्या आदेशास स्थगिती दिली. पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्या सहस्रावधी लोकांना सात दिवसांत उठविता येणार नाही, आणि त्यांच्या निरनिराळ्या हक्कांची छाननी झाली पाहिजे, असे न्यायालयाचे मत पडले. तिऱ्हाइताच्या अर्जावर अनेकांच्या मालकीचा प्रश्न एकत्रितपणे निकालात काढण्यातील धोका येथे स्पष्ट दिसतो.

याच धोक्याची जाणीव ऑक्टोबर २०२४ मध्येही दिसून आली. पाडकामाविरुद्धच्या अंतरिम आदेशाचा निरनिराळ्या राज्यांत भंग झाला अशी तक्रार घेऊन एक महिला-संघटना सर्वोच्च न्यायालयात आली. तेव्हा संघटना त्या कृतीने बाधित नाही, या कारणास्तव न्यायालयाने तिचा अवमान-अर्ज विचारात घेतला नाही. ज्यांची घरे पाडली गेली त्यांनी स्वतः यावे असा याचा अर्थ होतो. सर्वसाधारण तत्त्व ठरविण्यासाठी तिऱ्हाइतास दार खुले असते, विशिष्ट घटनेच्या निवाड्यासाठी मात्र बाधित व्यक्तीचीच अपेक्षा केली जाते.

७. १३ नोव्हेंबर २०२४ चे निर्देश

न्यायमूर्ती भूषण गवई आणि न्यायमूर्ती के. व्ही. विश्वनाथन यांच्या पीठाने १३ नोव्हेंबर २०२४ रोजी पाडकामाविषयी देशव्यापी निर्देश दिले. एखाद्यावर गुन्ह्याचा आरोप आहे एवढ्याच कारणासाठी त्याचे घर पाडता येणार नाही, हे त्यातील प्रमुख तत्त्व होय. कार्यपद्धतीपुरते पाहता, किमान पंधरा दिवसांची नोटीस, तीत कथित उल्लंघनाचा तपशील व कारवाईची कारणे, कोणती कागदपत्रे आणावीत याची यादी, वैयक्तिक सुनावणी, कारणमीमांसेसह हुकूम, आणि हुकुमानंतर पुन्हा पंधरा दिवसांचा अवधी असा क्रम ठरविण्यात आला. पाडकामाचे चित्रीकरण करावयाचे आहे. निर्देशांचा भंग करणाऱ्या अधिकाऱ्यास भरपाईसाठी व्यक्तिशः जबाबदार धरता येईल.

परंतु या निर्देशांना अपवाद आहेत. रस्ता, पदपथ, रेल्वेलगतची जागा, नदी अथवा जलाशय अशा सार्वजनिक ठिकाणच्या अनधिकृत बांधकामांना, तसेच न्यायालयानेच पाडण्याचा आदेश दिला असेल तेथे, ते लागू नाहीत. पदपथावरील मनुष्याला यांचे संरक्षण मिळत नाही. त्याला पूर्वीच्याच निर्णयांवर विसंबावे लागते. शिवाय 'सार्वजनिक ठिकाण' या शब्दसमूहातही 'अतिक्रमण' या शब्दासारखाच गृहीतार्थ आहे. जागा रस्त्याची आहे की खासगी, हाच वाद असेल तर अपवाद आपोआप लागू झाला असे म्हणता येणार नाही. तुम्मल कृष्णराव प्रकरणाचे तत्त्व येथे पुन्हा उपयोगी पडते.

८. फलित

वरील निर्णयांवरून वादाधिकाराच्या चार पायऱ्या सांगता येतात. मालकीचा प्रामाणिक दावा असणाऱ्यास मालकीचा निवाडा दिवाणी न्यायालयातच व्हावा, असा आग्रह धरता येतो. मालकी नसून स्थिर ताबा असणाऱ्यास, कायद्याच्या मार्गाखेरीज आपणांस हलवू नये, असे म्हणता येते. कोणताच दावा नसणाऱ्या रहिवाशास नोटीस, सुनावणी, अवधी आणि शासनाच्या धोरणात असेल ते पुनर्वसन मागता येते. तिऱ्हाइतास असहायांच्या वतीने अथवा सार्वजनिक नियमाच्या रक्षणार्थ येता येते, परंतु दुसऱ्याच्या वैयक्तिक हक्काचा निकाल त्याला लावून घेता येत नाही. पायरी जसजशी खाली जाते, तसतशी मागता येणारी दाद लहान होत जाते. मात्र ज्याचे घर पाडावयाचे आहे त्याच्या बाबतीत ती शून्य होत नाही.

प्रशासनाच्या दृष्टीने यातून एक साधी गोष्ट निष्पन्न होते. नोटीस हा वादाचा आरंभ आहे, शेवट नव्हे. तेव्हा तिची भाषाही आरंभाची असावी. 'आपण शासकीय जमिनीवर अतिक्रमण केले आहे' असे लिहिण्याऐवजी 'सदर जमीन शासनाची असल्याचे शासनाचे म्हणणे आहे. त्यास आपली हरकत असल्यास अमुक दिनांकास कागदपत्रांसह मांडावी' असे लिहिल्याने शासनाचा कोणताही अधिकार कमी होत नाही. उलट नोटीस वाचणाऱ्यास आपल्याला काय बोलता येईल हे कळते. महाराष्ट्र राजभाषा अधिनियम, १९६४ अन्वये राज्याचा कारभार मराठीत चालतो. कायद्याने मनुष्यास दिलेले उभे राहण्याचे स्थान नोटिशीतील एका क्रियापदाने काढून घेतले जाऊ नये, एवढी दक्षता त्या मराठीत घेणे अशक्य नाही.